समासातली स्थळं

कोणी नवी संगणकभाषा किंवा नवं साधन दाखवायला आलं की माझी पहिली प्रतिक्रिया आजही नाक मुरडण्याचीच असते. फक्त आता मी ती तोंडापर्यंत येऊ देत नाही. "दाखवा," म्हणतो, खुर्ची ओढून बसतो आणि समोरचा माणूस थांबेपर्यंत गप्प राहतो. ऑफिसातल्या पोरांना वाटतं, साहेब फार मोकळ्या मनाचे आहेत. तसं काही नाही. मी एकदा तोंड उघडलं होतं आणि त्याचं पुढे काय झालं ते मला ठाऊक आहे, एवढंच.

ऐंशीच्या दशकात मी ठाण्यातल्या एका कारखान्यात प्रोग्रॅमर म्हणून लागलो. आमच्याकडे तेव्हा प्रोग्रॅम कागदावर लिहायची पद्धत होती. छापील चौकटींचा कागद, एका चौकटीत एक अक्षर, हातात पेन्सिल आणि खोडरबर. तो कागद टाइप करणाऱ्या बाईंकडे जायचा आणि दुसऱ्या दिवशी चुकांची यादी परत यायची. प्रत्येक माहितीला किती जागा लागणार ते सुरुवातीलाच जाहीर करायचं: नाव तीस अक्षरं, वय दोन आकडे, पत्ता साठ अक्षरं. एकसष्टावं अक्षर आलं तर त्याने बाहेर उभं राहायचं. आमचे साहेब याला शिस्त म्हणायचे आणि मला ती शिस्त इतकी आवडली की घरची किराण्याची यादीही मी रकाने आखून करायला लागलो. बायको विचारायची, "कोथिंबीर रकान्यात बसली नाही म्हणून आणली नाहीत का?" मी हसण्यावारी न्यायचो.

पुढे कोबॉल ही जुनी संगणकभाषा सुटली, सी आली. कागदाच्या चौकटी गेल्या, डोक्यातल्या राहिल्या. जी भाषा आधी सगळं जाहीर करायला लावत नाही ती भाषाच नव्हे, असं मी चारचौघांत म्हणायचो. नव्वदीच्या दशकाच्या मध्यावर माझ्याइतकं सी जाणणारी माणसं डोंबिवलीत फार नव्हती, निदान माझी तशी समजूत होती.

आमच्या सोसायटीपासून दहा मिनिटांवर एका शाळेच्या तळमजल्यावर दर रविवारी सकाळी वधू-वर सूचक मंडळ भरायचं. एक निवृत्त मुख्याध्यापक काका त्याचे अध्यक्ष होते. नोंदींच्या सगळ्या वह्या मात्र एका काकूंनी ठेवलेल्या होत्या. जाड, पाठकोऱ्या नव्हे, चांगल्या बांधीव वह्या. एका स्थळाला एक पान. नाव, शिक्षण, उंची, नक्षत्र, नोकरी हे सगळं पानावर असायचं, पण खरी माहिती समासात. मुलामुलींचे आईवडील फॉर्मवर जे लिहायला संकोचायचे आणि काकूंच्या कानाशी येऊन सांगायचे, ते काकू त्यांना विचारून लाल शाईने समासात उभं लिहायच्या. 'आई अंथरुणाला खिळलेली, मुलगी तिला सोबत घेऊनच येणार.' 'साखरपुडा मोडला, दोष मुलाकडचा नाही.' 'मुलीला कथक सोडायचं नाही, हे आधीच सांगावं.' दोन समास जुळले की काकू दोन्ही घरांना निरोप धाडायच्या. मंडळाची बरीच लग्नं अशी समासातून जुळलेली होती.

कोणीतरी मंडळाला एक जुना कॉम्प्युटर देणगी दिला आणि काकांनी मला बोलावलं. मी गेलो तर तिथे आधीच एक बाई बसलेली. एमआयडीसीतल्या एका रसायन कंपनीच्या प्रयोगशाळेत ती केमिस्ट होती, माझ्याच वयाची, मंडळात रविवारी मदत करायची. प्रयोगशाळेतली यंत्रं मजकुराच्या लांबच लांब फायली ओकायची, त्या चाळायला ती पर्ल नावाची एक भाषा वापरायची. तिच्या भावाने अमेरिकेतून फ्लॉपी पाठवली होती. त्या भाषेत तिने मंडळासाठी एक छोटा प्रोग्रॅम केला होता आणि सगळ्यात जुनी वही जशीच्या तशी, समासासकट, इंग्रजी अक्षरांतल्या मराठीत टाइप करून आणली होती.

"मी चार रविवारात केलेलं हे," ती म्हणाली. "बघा हं. कोणाचं काय, कितीही ओळी लिहा. सगळं राहतं. मग हवं ते शोधायचं."

तिने 'कथक' शोधलं. एक क्षण, आणि मुलीचं अख्खं पान पडद्यावर. काकूंनी तोंडाला पदर लावला. मग तिने एका नोंदीत मधेच नवीन ओळ घातली, 'पुण्याला बदली होणार', आणि कुठे काही न मोडता तीही सापडायला लागली. आधी काही जाहीर करायला नको, जागा मोजायला नको. एखादी गोष्ट आकडा आहे की मजकूर, हे वापरायच्या वेळी ठरायचं.

काका माझ्याकडे वळले. "अरे, तू यातला माणूस. तू सांग."

मी सांगितलं. चांगलं पंधरा मिनिटं सांगितलं. ही भाषा म्हणजे खेळणं आहे, यात शिस्त नाही, प्रोग्रॅम चालवल्याशिवाय हिच्यातली चूक कळत नाही. "तुमच्या लॅबमध्ये ठीक आहे, मॅडम. पण उद्या वयाच्या जागी कोणी 'गोरी' लिहिलं तर हे निमूट गिळेल."

"गिळेल," ती म्हणाली, "पण मला दिसेल तरी. मग मी विचारीन, वय किती ते."

सगळे हसले, तिच्या बाजूने. ते मला झोंबलं.

"आणि तुमच्या प्रोग्रॅममध्ये समासातलं कुठे जाणार?" तिने विचारलं.

"समास म्हणजे माहिती नव्हे," मी म्हणालो. "ती काकूंची टिपणं आहेत."

काकू तिथेच बसल्या होत्या. त्यांनी पुढ्यातली वही मिटली. हे वाक्य मी बोललो, माझ्याच तोंडून, आणि वर मला ते बरं सुचलं असं वाटलं होतं. खरं कारण आज सांगतो. तिचं काम चार रविवारांत झालं होतं, मला पाच महिने लागणार होते, आणि ती केमिस्ट होती. माझ्या विषयात केमिस्टने येऊन मला काही दाखवावं हे मला सहन झालं नाही. भाषेत खोट होती म्हणून मी नाही म्हटलं नाही. नाही म्हणायचं होतं म्हणून खोट शोधली.

काकांनी माझा शब्द मानला. मी नवे फॉर्म छापून घेतले आणि सगळ्या कुटुंबांना पुन्हा भरायला लावले. प्रत्येक प्रश्नाला ठरलेला रकाना, ठरलेलं उत्तर. 'शारीरिक व्यंग: आहे / नाही.' 'व्यंग असलेलं स्थळ चालेल: हो / नाही.' कोणी रकाना रिकामा ठेवला तर प्रोग्रॅम आपोआप 'नाही' धरायचा. रिकामी जागा मला खपत नव्हती. मग दर महिन्याला प्रोग्रॅम प्रत्येक घरासाठी त्यांना जुळणाऱ्या स्थळांची वेगळी यादी छापायचा, आणि ती पाकिटातून घरी जायची. पहिल्या महिन्यात प्रिंटर कर्कश करकरत याद्या बाहेर टाकू लागला तेव्हा लोकांनी टाळ्या वाजवल्या. केमिस्ट बाईनेही वाजवल्या. वह्या कपाटात गेल्या.

वर्तकनगरहून एक मावशी मुलीला घेऊन यायच्या. मुलगी सव्वीसेक वर्षांची, एका इंजिनिअरिंग कंपनीच्या ड्रॉइंग ऑफिसात नकाशे ट्रेस करायची. तिला जन्मापासून ऐकू येत नव्हतं. ओठ वाचायची, हातांनी बोलायची, आणि पर्समध्ये एक छोटी वही असायची, तिच्यात सुरेख छापील वळणाच्या अक्षरात लिहून दाखवायची. मावशींनी फॉर्मवर प्रामाणिकपणे 'आहे' वर खूण केली होती. दर पंधरा दिवसांनी त्या डोंबिवलीला यायच्या आणि विचारायच्या, "साहेब, आमच्यासाठी काही?"

मी फाइल उघडायचो, यादी कोरी असायची. "या वेळी काही नाही, मावशी."

"कोणी विचारत पण नाही का हो?"

"असतं तर यादीत आलं असतं," मी म्हणायचो. माझ्या मते मी अगदी खरं बोलत होतो. मावशी मग मुलीकडे बघायच्या, आणि मुलगी माझ्या ओठांकडे. असे अकरा महिने गेले.

मधे एकदा काकू कपाळावर बोट ठेवून म्हणाल्या, "अरे, आंबिवलीचं एक स्थळ आलेलं ना, तो पण हातांनीच बोलायचा बघ. का माझं मेलीचं डोकं चालत नाही आता?"

"काकू, सगळी स्थळं आत आहेत. कॉम्प्युटरला नाही सापडत म्हणजे नाहीये." काकू 'असेल बाबा' म्हणाल्या आणि पुन्हा काही बोलल्या नाहीत. मी एका बाईला तिच्याच आठवणीवर शंका घ्यायला लावली आणि चहा प्यायलो.

गणपतीनंतर केमिस्ट बाईने मला बाजूला घेतलं. "त्या वर्तकनगरच्या मुलीसाठी वह्या द्या ना मला. माझ्या प्रोग्रॅममध्ये घालून बघते. तुमच्या प्रोग्रॅमला मी हात लावत नाही."

मी तिला 'बघतो' म्हटलं आणि काकांकडे जाऊन सांगितलं की वह्यांत लोकांची खाजगी माहिती आहे, त्या कपाटाबाहेर जाता कामा नयेत. काकांना पटलं. त्यांनी कपाटाला कुलूप घातलं. मी दिलेलं कारण खोटं नव्हतं. मी खोटा होतो. तिला त्या वह्यांत काही सापडलं तर, याची मला धास्ती वाटत होती.

मग एका रविवारी ती मुलगी एकटीच आली. आई सोबत नव्हती. माझ्या टेबलासमोर बसून तिने वहीत लिहिलं: 'आतापर्यंत पाठवलेल्या सगळ्या याद्या मला बघायच्या आहेत. मुलांच्या घरी गेलेल्या.' प्रत्येक यादीची कार्बन प्रत आम्ही फाइलला लावून ठेवायचो. मी तीन जाड फायली तिच्यापुढे ठेवल्या, मनात म्हटलं, चाळेल आणि कंटाळेल. ती कंटाळली नाही. दोन तास बसून तिने एकेक पान वाचलं, ओळींवरून बोट फिरवत. शेवटची फाइल मिटली, पेन उघडलं आणि लिहिलं: 'मी कुठे आहे?'

मला आधी रागच आला. म्हटलं, हिला वाचता आलं नसेल. तिची नोंद उघडली, ती होती. मग मंडळातल्या मुलांच्या नोंदी एकेक बघितल्या. 'व्यंग असलेलं स्थळ चालेल' इथे 'हो' असं कोणीच लिहिलं नव्हतं. बहुतेकांनी तो रकाना रिकामा सोडला होता आणि माझ्या प्रोग्रॅमने सगळ्यांच्या वतीने 'नाही' म्हणून टाकलं होतं. ती मुलगी अकरा महिन्यांत एकाही घराच्या कागदावर छापली गेली नव्हती. कुठे चूक दाखवली गेली नाही, कारण माझ्या हिशेबाने चूक झालीच नव्हती. प्रोग्रॅम मी सांगितलं तेच शिस्तीत करत होता.

हे सगळं मला पाच मिनिटांत कळलं. ती समोर बसून माझा चेहरा वाचत होती. मी तिच्या वहीत लिहिलं, 'तपासून सांगतो. पुढच्या रविवारी.' तिने ते वाचलं, वही पर्समध्ये टाकली आणि गेली.

त्याच दुपारी मी काकांकडून किल्ली घेतली आणि केमिस्ट बाईला म्हटलं, "तुम्हाला वह्या हव्या होत्या ना? घ्या." चुकलो असं म्हणालो नाही. तिनेही टोमणा मारला नाही, मारला असता तर मला सोपं गेलं असतं. पुढचे तीन दिवस संध्याकाळी कामावरून आल्यावर काकू लाल शाईतलं वाचून दाखवत आणि ती टाइप करत शाळेत बसायची. चौथ्या दिवशी तिने 'ऐकू' शोधलं. स्पेलिंग कुठे कसं पडलंय याची तिच्या प्रोग्रॅमला फिकीर नव्हती. दोन पानं आली. एक वर्तकनगरचं. दुसरं आंबिवलीचं: 'मुलाला ऐकू येत नाही, हातांनी बोलतो, मुलगी तशीच असेल तर फार बरं.' दोन्ही एकाच महिन्यात नोंदवलेली, मधे फक्त तीन पानं. मुलाच्या घरच्यांनी नव्या फॉर्मवर व्यंगाचे दोन्ही रकाने कोरे सोडले होते. काकूंना सांगून झालंय, असं त्यांना वाटलं असणार.

नंबर शेजाऱ्यांचा होता. मीच फोन केला. मुलाचा भाऊ फोनवर आला. "अहो, लग्न झालं त्याचं गेल्या महिन्यात," तो म्हणाला. "तुमचं पाकीट दर महिन्याला यायचं, आम्ही उघडायचो. तशी मुलगी कोणी नसायचीच त्यात. मग नाशिककडचं स्थळ केलं." तो चिडला नव्हता. ठीक आहे ना सगळं, असं उलट त्यानेच मला विचारलं.

त्या संध्याकाळी मी केमिस्ट बाईला ती भाषा शिकवायला सांगितली, असं लिहायला मला आवडलं असतं. मी सांगितलं नाही. मंडळाने माझा प्रोग्रॅम बंद केला आणि तिचा सुरू केला, तेव्हा मी कामाचं निमित्त सांगून दोन रविवार गेलोच नाही. पुढे वर्षाने कारखान्यातल्या एका कामासाठी पर्ल मी पुस्तकावरून गुपचूप शिकलो आणि पहिल्याच आठवड्यात त्या भाषेच्या प्रेमात पडलो. दिवसभराचं काम दहा ओळींत व्हायचं. सी जिथे लागते तिथे लागतेच, हेही तेव्हाच नीट कळलं. पण हे केमिस्ट बाईला कधी जाऊन बोललो नाही. नंतर तिची बदली झाली आणि तो विषयच राहून गेला.

वर्तकनगरला मात्र गेलो. ठरलेल्या रविवारी त्या दोघींना डोंबिवलीला यायला लावायचं तोंड मला नव्हतं, म्हणून आदल्या दिवशी मीच गेलो. मावशींनी पोहे केले. एवढ्या लांबून साहेब स्वतः आले, म्हणजे काहीतरी चांगली बातमी असणार, असं त्यांच्या चेहऱ्यावर होतं. मुलगी समोर स्टुलावर बसली होती. मी बशी हातात धरून म्हणालो, "मावशी, कॉम्प्युटरची जरा चूक झाली. तुमच्या मुलीचं नाव कोणाला गेलंच नाही."

"मशीन आहे, चालायचंच," मावशी म्हणाल्या. मला सुटल्यासारखं वाटलं. तेवढंच बोलून उठायच्या बेतात होतो.

मुलीने वही पुढे केली. 'कॉम्प्युटरची की तुमची?'

मावशींचा चष्मा आत होता, त्यांना ते वाचता येत नव्हतं. मी लिहिलं, 'माझी.' वाटलं, आता ती रागावेल, आणि रागावली की बरं वाटेल. तिने पुन्हा वही ओढून घेतली आणि बराच वेळ लिहीत राहिली. 'मग आईला तसं सांगा. ती वर्षभर म्हणते आहे की सगळे मला बघून नको म्हणतात. नातेवाइकांनाही तसंच सांगते. मीही तसंच समजत होते.'

मी बशी खाली ठेवली. मुलीला माझे ओठ दिसावेत म्हणून खुर्ची थोडी फिरवली आणि मावशींना पहिल्यापासून सगळं सांगितलं. समासाचं, काकूंचं, मी नको म्हटलेल्या प्रोग्रॅमचं, कुलपाचं, आंबिवलीच्या मुलाचंही. शब्द नीट, सावकाश उच्चारत होतो, कारण एकही तिच्या नजरेतून निसटू नये असं वाटत होतं.

मग मावशींनी विचारलं, "म्हणजे वर्षभरात हिला कोणी नाही म्हटलंच नाही?"

"नाही, मावशी. मीच म्हटलं."

त्यांनी माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. त्या मुलीकडे वळल्या आणि दोन्ही हातांनी तिला भराभर काहीतरी सांगू लागल्या. मुलगीही हातांनीच उत्तर देत होती. मी समोर बसून होतो आणि मला त्यातलं काही कळत नव्हतं.